सुरू न होणारा खेळ : वैयक्तिक संगणकावरील खेळांच्या प्रारंभदोषाचा व त्याच्या निवारणाचा इतिहास

१. विषयप्रवेश

कोणत्याही साधनाचा इतिहास लिहिताना ते कसे चालले हे सांगण्याकडे इतिहासकाराचा स्वाभाविक ओढा असतो; ते कोठे अडले ह्याची नोंद बहुधा दुरुस्ती करणाऱ्याच्या वहीत राहून जाते. वैयक्तिक संगणकावरील खेळांच्या बाबतीत ही गोष्ट विशेषच प्रत्ययास येते. कोणता खेळ केव्हा प्रसिद्ध झाला, तो कोणी रचला, त्याने पुढील खेळांना कोणते वळण लावले, ह्यासंबंधी आता पुष्कळ लेखन उपलब्ध आहे. परंतु विकत आणलेला खेळ सुरूच होत नाही, पडदा काळा राहतो, अथवा एखादी त्रोटक सूचना दाखवून आज्ञावली बंद पडते, हा अनुभव तितकाच व्यापक असूनही केवळ तांत्रिक कटकट म्हणून बाजूस सारला जातो. प्रस्तुत लेखात ह्या दोषाकडेच एक ऐतिहासिक साधन म्हणून पाहावयाचे आहे.

ह्या विचाराचा पाया साधा आहे. खेळाची आज्ञावली म्हणजे अंकांची एक निश्चित मालिका. तबकडी सुस्थितीत असेल तर ती मालिका तीस वर्षांनंतरही जशीच्या तशी राहते. तरीही तेव्हा चालणारा खेळ आज चालत नाही. तेव्हा बदल घडला तो खेळ, यंत्र आणि कार्यप्रणाली ह्यांच्या परस्परसंबंधात, असेच मानावे लागते. हा संबंध जुळवावयाचा कोणी, ह्या प्रश्नाला गेल्या चार दशकांत तीन निरनिराळी उत्तरे मिळाली. प्रथम ते काम खेळणाऱ्याचे होते. पुढे कार्यप्रणाली रचणाऱ्यांनी ते आपणाकडे घेतले. आणि त्यानंतर खेळ सुरू होणे न होणे हे विक्रेत्याच्या अनुमतीवर अवलंबून राहू लागले. पहिल्या दोन अवस्थांतील दोष श्रमाने दूर करता येतो. तिसऱ्या अवस्थेतील दोषाला खेळणाऱ्यापाशी उपाय उरत नाही. हा फरक संशोधकाच्या दृष्टीने का महत्त्वाचा आहे, हे पुढील विवेचनावरून स्पष्ट व्हावे.

२. खेळ हीच यंत्राची कसोटी

आयबीएम कंपनीचा वैयक्तिक संगणक ऑगस्ट १९८१ मध्ये बाजारात आला. त्यातील इंटेल ८०८८ हा प्रक्रियक ४.७७ मेगाहर्ट्झ वेगाने चाले. आरंभीचे कित्येक खेळ डॉस ह्या कार्यप्रणालीचे साहाय्य घेत नसत. खेळाची तबकडी आत घालून यंत्र सुरू करावे, म्हणजे यंत्र थेट खेळातच जागे होई. मायक्रोसॉफ्टने १९८२ मध्ये प्रसिद्ध केलेला ‘फ्लाइट सिम्युलेटर’ हा ह्याच प्रकारचा होता. तो यंत्राच्या अंतर्भागाशी प्रत्यक्ष व्यवहार करी. मधे कोणी दुभाष्या नसे.

आयबीएमच्या यंत्राशी समरूप असल्याचा दावा करणारी इतर कंपन्यांची यंत्रे लवकरच बाजारात आली. हा दावा पारखण्यासाठी परीक्षक दोन आज्ञावली वापरीत : ‘लोटस १-२-३’ हे हिशेबाचे साधन आणि ‘फ्लाइट सिम्युलेटर’. खेळ सुरू झाला नाही तर खेळात दोष आहे असे त्या वेळी कोणी म्हणत नसे. यंत्र समरूप नाही, असा निर्णय दिला जाई. दोषाची जबाबदारी कोणावर टाकावयाची हे वस्तुस्थितीइतकेच त्या काळच्या संकेतावर अवलंबून असते, ह्याचे हे पहिले उदाहरण होय.

यंत्राशी असलेल्या ह्या जवळिकीची किंमत पुढे द्यावी लागली. अनेक खेळ प्रक्रियकाच्या वेगावरूनच कालमापन करीत. १९८४ मध्ये आयबीएमने ८०२८६ प्रक्रियकाचे ‘एटी’ यंत्र आणले. पुढे ८०३८६ आला. आणि जुने खेळ इतक्या वेगाने धावू लागले की ते खेळणे अशक्य झाले. अनेक यंत्रांच्या दर्शनी भागावर ‘टर्बो’ नावाचे बटण असे. नावावरून ते वेग वाढविणारे वाटे. त्याचा खरा उपयोग जुन्या आज्ञावलींसाठी वेग कमी करण्याचा होता.

वेगामुळे उद्भवणारा दुसरा दोष अधिक बोधप्रद आहे. बोर्लंड कंपनीच्या ‘टर्बो पास्कल’ मध्ये रचलेल्या पुष्कळ आज्ञावली नव्वदीच्या उत्तरार्धात, सुमारे २०० मेगाहर्ट्झ व त्याहून अधिक वेगाच्या यंत्रांवर, ‘रनटाइम एरर २००’ अशी सूचना देऊन बंद पडू लागल्या. भाषेबरोबर येणारा एक विभाग, मुख्य आज्ञावलीची पहिली ओळ अमलात येण्यापूर्वीच, घड्याळाच्या एका ठोक्यात किती आवर्तने होतात हे मोजून त्या संख्येस ५५ ने भागी. यंत्र अतिवेगवान झाल्यावर हा भागाकार सोळा बिटांत मावेना, व प्रक्रियक ती शून्याने केलेल्या भागाकारासारखीच चूक समजे. सूचनेतील २०० हा आकडा ह्या चुकीचा क्रमांक आहे. मेगाहर्ट्झच्या आकड्याशी त्याचे साम्य हा केवळ योगायोग. चूक पहिल्या दिवसापासून आज्ञावलीत होती, परंतु ती प्रकट होण्यास लागणारे यंत्रच तेव्हा अस्तित्वात नव्हते.

३. सहाशे चाळीस किलोबाइटांचा काळ

प्रारंभदोषाच्या इतिहासातील सर्वांत समृद्ध कालखंड म्हणजे साधारणतः १९८७ ते १९९५ हा होय. ८०८८ प्रक्रियकास एक मेगाबाइट स्मृतीपलीकडे पोहोचता येत नसे. त्यातील वरचे ३८४ किलोबाइट पडद्याची स्मृती व यंत्राच्या अंगभूत आज्ञा ह्यांसाठी राखून ठेवले होते; खालचे ६४० किलोबाइट आज्ञावलींच्या वाट्यास आले. पुढे यंत्रांत चार किंवा आठ मेगाबाइट स्मृती बसविली जाऊ लागली तरी डॉसखालील आज्ञावलीचे मुख्य अंग ह्या ६४० किलोबाइटांतच मावावे लागे. त्यातूनच डॉस, माउसचा चालक, साउंड कार्डाचा चालक व सीडी वाचणारी आज्ञावली ह्यांना जागा द्यावयाची असे. इकडे ५८० किंवा ६०० किलोबाइट मोकळी जागा मागणारे खेळ सर्रास निघत होते. आठ मेगाबाइटांच्या यंत्रावर ‘स्मृती अपुरी आहे’ ही सूचना वाचून बुचकळ्यात पडलेला खेळाडू हे त्या काळचे नित्याचे दृश्य होय.

वरच्या स्मृतीचा उपयोग करण्यासाठी दोन पद्धती रूढ झाल्या. लोटस, इंटेल व मायक्रोसॉफ्ट ह्यांनी १९८५ मध्ये पुरस्कारिलेली ‘एक्स्पांडेड’ स्मृती ही एक, आणि १९८८ मध्ये नियमबद्ध झालेली ‘एक्स्टेंडेड’ स्मृती ही दुसरी. नावे जवळजवळ सारखी, व्यवहार मात्र भिन्न. पहिलीत वरच्या स्मृतीचे तुकडे आळीपाळीने खालच्या एका खिडकीत आणून दाखविले जात. दुसरीत एक मेगाबाइटच्या पलीकडील सलग स्मृतीचा ताबा ‘हायमेम’ ह्या व्यवस्थापकाकडे असे. ८०३८६ यंत्रांवर ‘ईएमएम ३८६’ हा चालक दुसऱ्या प्रकारच्या स्मृतीतून पहिलीचा आभास निर्माण करी.

अमेरिकेतील ऑस्टिन येथील ओरिजिन सिस्टिम्स ह्या एकाच संस्थेच्या दोन खेळांवरून ह्या परिस्थितीची कल्पना येईल. ‘विंग कमांडर’ (१९९०) हा खेळ एक्स्पांडेड स्मृती आढळल्यास तिचा लाभ घेऊन अधिक चित्रे दाखवी. दोनच वर्षांनी आलेल्या ‘अल्टिमा ७’ मध्ये संस्थेने स्वतःचा स्मृतिव्यवस्थापक योजला. तो प्रक्रियकास आपल्या सोयीच्या अवस्थेत नेऊ पाही. परंतु ईएमएम ३८६ चालू असेल तर प्रक्रियक आधीच त्या चालकाच्या नियंत्रणाखाली असे आणि खेळास तसे करता येत नसे. म्हणजे एकाच यंत्रावर एका खेळासाठी जो चालक हवा, तोच दुसऱ्यासाठी काढून टाकावयाचा. दोन्ही खेळांना एकाच वेळी मानवेल अशी यंत्राची मांडणी करणे शक्यच नव्हते.

ह्या अडचणीतून ‘बूट डिस्क’ जन्मास आली. ‘कॉन्फिग’ आणि ‘ऑटोएक्झेक’ ह्या दोन लेखांत, यंत्र सुरू होताना कोणते चालक कोणत्या क्रमाने आत घ्यावयाचे हे लिहिलेले असे. प्रत्येक अडेल खेळासाठी ह्या लेखांची निराळी प्रत एका तबकडीवर ठेवून, तो खेळ खेळण्यापूर्वी त्या तबकडीवरून यंत्र सुरू करावयाचे. अशी तबकडी तयार करून देण्याची सोय खेळांच्या प्रतिष्ठापन-आज्ञावलीतच असू लागली. जून १९९१ मधील डॉसच्या पाचव्या आवृत्तीने स्वतः डॉसला व चालकांना ६४० किलोबाइटांच्या वर हलविण्याची सोय केली. १९९३ मधील सहाव्या आवृत्तीने ‘मेममेकर’ हे साधन आणि प्रारंभीच पर्याय निवडण्याची सूची दिली. डॉसमध्ये ह्या सुधारणा होत असता खेळ रचणारे त्याच प्रश्नाला दुसऱ्या बाजूने भिडत होते. डिसेंबर १९९३ मध्ये आलेल्या ‘डूम’ ने ‘डॉस/४जीडब्ल्यू’ हा विस्तारक वापरून संपूर्ण स्मृती सलगपणे हाताळली व ६४० किलोबाइटांची अट बऱ्याच अंशी निरर्थक केली.

ध्वनीची कथा ह्याहून फारशी निराळी नव्हती. सिंगापूरच्या क्रिएटिव्ह कंपनीचे ‘साउंड ब्लास्टर’ १९८९ मध्ये आले. त्याचा पत्ता, व्यत्ययक्रमांक व स्मृतिवाहिनी ही तिन्ही खेळास अचूक सांगावी लागत. ‘ए २२०, आय ५, डी १’ ही ओळ त्या पिढीच्या खेळाडूंस तोंडपाठ असे. मूळ कार्ड ७ हा व्यत्ययक्रमांक घेई आणि तोच छपाईयंत्राच्या पहिल्या द्वाराचाही असे. अशा स्पर्धेमुळे खेळ आवाजाच्या चाचणीपाशीच थिजून जाई.

ह्या काळात खेळणाऱ्यावर लादले गेलेले ज्ञान आज विस्मयकारक वाटते. केवळ एक खेळ सुरू व्हावा म्हणून शाळकरी मुले स्मृतीचे विभाग व व्यत्ययांचे क्रमांक शिकली. ह्यास सक्तीचे शिक्षण म्हणावे की ग्राहकावर टाकलेला अन्याय्य भार, ह्याविषयी मतभेद संभवतो. परंतु दोष कोठेही असो, त्याचे निवारण खेळणाऱ्याच्या आटोक्यात होते हे निर्विवाद आहे.

४. कार्यप्रणालीने पत्करलेला भार

१९९४ च्या नाताळात ह्या व्यवस्थेची मर्यादा सार्वजनिक रीत्या उघड झाली. डिस्ने कंपनीने ‘द लायन किंग’ ह्या चित्रपटावर आधारित एक सचित्र गोष्टींची सीडी विंडोजसाठी काढली होती. तिची चित्रे ‘विन-जी’ ह्या मायक्रोसॉफ्टच्या नव्या साधनावर अवलंबून होती. सणाच्या सकाळी मुलांनी ती नव्या कॉम्पॅक प्रेसारिओ संगणकांत घातली तेव्हा त्या यंत्रांतील चित्र-चालकांशी तिचे जमले नाही व ती कोसळली. पालकांच्या तक्रारींनी डिस्नेचे साहाय्य-दूरध्वनी भरून गेले. खेळ, चालक व प्रणाली ह्या तिघांचे निर्माते निराळे असल्याने प्रत्येकास दुसऱ्याकडे बोट दाखविता येत होते.

विंडोज ९५ ऑगस्ट १९९५ मध्ये आली. पाठोपाठ सप्टेंबरमध्ये ‘डायरेक्ट-एक्स’ ची पहिली आवृत्ती निघाली. अ‍ॅलेक्स सेंट जॉन, क्रेग आयस्लर व एरिक एंगस्ट्रॉम हे तिचे प्रवर्तक. तिचे तत्त्व असे की, खेळाने यंत्राशी न बोलता एका ठरावीक मध्यस्थाशी बोलावे, आणि आपल्या यंत्रभागाचा मध्यस्थाशी मेळ घालण्याचे काम त्या भागाच्या निर्मात्याने करावे. बूट डिस्कचे युग ह्या तत्त्वाने संपविले.

प्रणालीकाराने भार किती दूरवर वाहिला ह्याचे एक प्रसिद्ध उदाहरण जोएल स्पोल्स्की ह्या मायक्रोसॉफ्टच्या माजी आज्ञावलीकाराने नोंदविले आहे. ‘सिमसिटी’ ची विंडोज ३ वरील आवृत्ती, परत केलेली स्मृती पुन्हा वाचण्याची चूक करी. त्या प्रणालीत परत केलेली स्मृती लगेच दुसऱ्यास दिली जात नसल्याने चूक निरुपद्रवी राहिली. विंडोज ९५ च्या चाचणीत मात्र खेळ बंद पडू लागला. तेव्हा मायक्रोसॉफ्टने आपल्या प्रणालीतच अशी व्यवस्था केली की, सिमसिटी चालू असल्याचे दिसताच स्मृतीचे वाटप निराळ्या रीतीने व्हावे. २००१ मधील विंडोज एक्सपीत ‘सुसंगतता’ पर्याय वापरणाऱ्याच्या हाती देण्यात आला, तो ह्याच परंपरेतील होय.

ह्या धोरणालाही मर्यादा होत्या. डायरेक्ट-एक्सची पूरक ग्रंथालये प्रणालीचा भाग नसत. ‘डी३डीएक्स९’ नावाची, २४ ते ४३ क्रमांकांची ग्रंथालये २००५ ते २०१० ह्या काळात निघाली व प्रत्येक खेळास आपला विशिष्ट क्रमांक लागे. पुढे विंडोजच्या ६४ बिटी आवृत्त्यांनी १६ बिटी आज्ञावली चालविणे सोडून दिले. त्यामुळे नव्वदीतील कित्येक खेळ स्वतः ३२ बिटी असूनही, त्यांची प्रतिष्ठापन-आज्ञावली १६ बिटी असल्याने, दारातच अडकले. २०२१ ची विंडोज ११ केवळ ६४ बिटीच असल्यामुळे तो मार्ग आता पूर्णपणे बंद झाला आहे.

५. अनुमतीचा प्रश्न

आतापर्यंतचे सर्व दोष अजाणता घडलेले होते. ह्यापुढे ज्यांचा विचार करावयाचा त्यांचे मूळ हेतुपुरस्सर घातलेल्या अटीत आहे. चोरट्या प्रती रोखण्यासाठी तबकडीवर मुद्दाम विकृत खुणा ठेवण्याची प्रथा आठव्या दशकापासून होती. १९९८ च्या सुमारास आलेल्या ‘सेफडिस्क’ ने ह्या कामी विंडोजच्या अंतर्भागात आपला चालक बसविला. त्यातील सुरक्षादोष दुरुस्त करण्यासाठी मायक्रोसॉफ्टला डिसेंबर २००७ मध्ये सूचना काढावी लागली. शेवटी जुलै २०१५ मध्ये आलेल्या विंडोज १० ने तो चालक नाकारला, व त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये व्हिस्टा, ७ व ८ ह्या आवृत्त्यांतही तो बंद करण्यात आला. मूळ तबकडी रीतसर विकत घेतलेल्या ग्राहकाचा खेळ सुरू होईना. संरक्षण काढून टाकलेली चोरटी प्रत मात्र चालत राहिली. ह्या विपरीत परिणामावर निराळे भाष्य नको.

तबकडीची जागा पुढे दूरच्या सर्व्हरने घेतली. नोव्हेंबर २००४ मध्ये ‘हाफ-लाइफ २’ ने ‘स्टीम’ द्वारा अनुमती घेणे अनिवार्य केले. मे २०१२ मध्ये ‘डायब्लो ३’ व मार्च २०१३ मध्ये नवी ‘सिमसिटी’ विकत घेणाऱ्यांना पहिल्या दिवसांत सर्व्हरवरील गर्दीमुळे खेळात प्रवेशच मिळेना. ‘व्हॅलोरंट’ सारखे खेळ विंडोज ११ वर यंत्राच्या सुरक्षा-रचनेतील ‘टीपीएम’ व ‘सिक्युअर बूट’ ह्या सोयी चालू असल्याखेरीज सुरू होत नाहीत, जरी प्रत्यक्ष खेळण्याशी त्यांचा संबंध नाही.

ह्या प्रक्रियेचे टोक ‘द क्रू’ ह्या युबिसॉफ्टच्या खेळात दिसते. डिसेंबर २०१४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ह्या खेळाचे सर्व्हर ३१ मार्च २०२४ रोजी बंद करण्यात आले. तबकडी अखंड, यंत्र समर्थ, चालक अद्ययावत. तरीही खेळ सुरू होत नाही. ज्याच्याशी त्याने बोलावयाचे तो पक्षच उरलेला नाही. ह्या घटनेनंतर ग्राहकांनी ‘स्टॉप किलिंग गेम्स’ ही चळवळ आरंभिली.

६. निवारणाची पद्धती

ह्या इतिहासातून निदानाचा एक क्रम आपोआप हाती येतो. दोष खेळाच्या संचिकांत आहे काय, हे प्रथम पाहावे. आजची विक्रीव्यवस्था मूळ प्रतीशी ताडून संचिका तपासण्याची सोय देते. नंतर चित्र-चालक, नंतर खेळास लागणारी पूरक ग्रंथालये, नंतर विषाणुरोधक आज्ञावलीने घातलेली आडकाठी, व सर्वांत शेवटी सर्व्हर. ग्रंथालय हरवले असल्यास एखादी सुटी संचिका अनोळखी ठिकाणाहून आणणे धोक्याचे असते; निर्मात्याचा संपूर्ण संचच बसवावा. एका वेळी एकच बदल करावा, अन्यथा कोणत्या उपायाने गुण आला हे कळत नाही. अनावश्यक सर्व काही वगळून यंत्र सुरू करणे व मग एकेक घटक परत आणणे, ही आजची ‘क्लीन बूट’ पद्धत म्हणजे १९९१ ची बूट डिस्कच होय.

जुन्या खेळांसाठी दुसरा मार्ग आहे : खेळास न बदलता त्याचे हरवलेले यंत्रच आज्ञावलीच्या रूपाने पुन्हा उभे करणे. २००२ मध्ये आलेल्या ‘डॉसबॉक्स’ ने हेच केले. पोलंडमधील सीडी प्रोजेक्टने २००८ मध्ये सुरू केलेल्या ‘गॉग’ ह्या विक्रीकेंद्राने जुन्या खेळांबरोबर अशी परिस्थिती जुळवून देण्याचा व्यवसायच उभारला, आणि जानेवारी २०१५ मध्ये इंटरनेट आर्काइव्हने दोन हजारांहून अधिक डॉस-खेळ ब्राउझरमध्ये चालतील असे ठेवले. स्मृतीचे, ध्वनीचे व वेगाचे जुने दोष अशा रीतीने बहुतांशी निवारले गेले. अनुमतीचा दोष मात्र ह्या मार्गाने सुटत नाही. तेथे प्रश्न कायद्याचा होतो. अमेरिकेत ऑक्टोबर २०१५ मध्ये, बंद पडलेल्या सर्व्हरची अट ओलांडण्यास ग्रंथालये व संग्रहालयांना मर्यादित सूट मिळाली. परंतु संग्रहातील खेळ दूरस्थ संशोधकांस उपलब्ध करून देण्याची मागणी ऑक्टोबर २०२४ मध्ये फेटाळण्यात आली.

७. उपसंहार

मोडी लिपीतील दफ्तरे सुरक्षित राहिली तरी ती वाचणारे कमी झाले, म्हणजे साधन असूनही मुके होते, हा आपल्याकडील संशोधकांचा अनुभव आहे. परंतु मोडी पुन्हा शिकता येते. ६४० किलोबाइटांच्या काळातील खेळांची गोष्ट अशीच आहे. श्रम केले की ते बोलू लागतात. २०१४ मधील ‘द क्रू’ ची गोष्ट तशी नाही. त्याच्या अर्थाचा एक भाग खेळाडूच्या हाती कधी देण्यातच आला नव्हता. त्यामुळे सर्व्हर बंद झाल्यावर १९९२ मधील खेळ अभ्यासता येतो आणि २०१४ मधील येत नाही, अशी उलटी स्थिती उत्पन्न झाली. नजीकचा भूतकाळ दूरच्या भूतकाळाहून अधिक दुर्गम होणे ही इतिहासलेखनाच्या दृष्टीने सामान्य गोष्ट नव्हे.

ह्यावरून अभ्यासकांसाठी दोन कर्तव्ये निष्पन्न होतात. जो संशोधक जुन्या खेळाविषयी लिहील त्याने तो कोणत्या परिस्थितीत सुरू केला, यंत्र मूळचे की आभासी, वेग किती ठेवला, कोणती दुरुस्ती लावली, हे नमूद करावे. प्राचीन ग्रंथाचा संपादक पाठभेद नोंदवितो, तितकेच हे आवश्यक आहे. दुसरे असे की, खेळासोबत आलेली सूचनापत्रके, हाताने लिहिलेले ‘कॉन्फिग’ लेख, बूट डिस्क व दुरुस्तीच्या टिपणी ह्या टाकाऊ वस्तू समजू नयेत. खेळ कसा चालावा हे त्याच्या कर्त्याने सांगितले आहे. तो प्रत्यक्षात कोठे व का अडला, आणि कोणी कोणत्या युक्तीने तो चालता केला, हे केवळ ह्याच कागदांवरून कळते.